फाटककाकांचं ‘झालं’

फाटककाकांचं आडनाव फाटक नाही. हे आधीच सांगून टाकते, कारण आमच्या गल्लीत येणारा प्रत्येक नवा भाडेकरू ही चूक करतो. दारावर पाटी नाही, सगळे हाक मारतात फाटककाका आणि फाटककाकू, मग माणूस दुसरं काय समजणार? एकदा एक विमा विकणारा त्यांच्या पायरीवर बसून नातं जुळवायला लागला. “आमच्या सासुरवाडीलाही एक फाटक आहेत हो, फार सज्जन!” काकांनी त्याला पोटभर बोलू दिलं आणि मग शांतपणे विचारलं, “लोखंडी की लाकडी?”

फाटक ही काकांची नोकरी होती. आता जिथे पूल झालाय तिथे पूर्वी रेल्वेचं फाटक होतं, आणि त्याच्या बाजूच्या खोपटात काकांनी सगळी उमेदीची वर्षं काढली. एक लंगडं स्टूल, एक लाल आणि एक हिरवा झेंडा, कंदील, आणि भिंतीवर काळा टेलिफोन. स्टेशनातून फोन यायचा, “फाटक?” काका दांडा फिरवून फाटक पाडायचे, कुलूप घालायचे, चावी काढायचे, रुळांवर दोन्हीकडे मान वळवून बघायचे आणि मग फोनमध्ये एकच शब्द टाकायचे: “झालं.” त्या शब्दावर तिकडे सिग्नल हिरवा व्हायचा आणि गाडी सुटायची. तुमचं-आमचं ‘झालं’ म्हणजे संपलं. काकांचं ‘झालं’ म्हणजे आता निघा.

आणि ते म्हणायचे कसे! ‘झा’ अर्धा गिळलेला, ‘लं’वर ठोका, कुलपाची कडी बसल्यासारखा. मला गल्लीत टेप म्हणतात, कारण ज्याचा आवाज एकदा कानात गेला तो माझ्या तोंडून बाहेर येतोच. पाववाला, शाळेतले गणिताचे सर, शेजारच्या मावशींची शिंक, सगळं जमतं. पण फर्माईश असायची ती काकांची. मी घसा खरवडून “झालं” म्हटलं की काका स्वतः दारातून ओरडायचे, “अगं टेप, गाडी सोडशील एखादी!”

नोकरी संपली, पण ‘झालं’ घरी आलं. दूध उतरवलं, झालं. कडी घातली, झालं. दिवा मालवला, झालं. स्वतःच्या तोंडून ते निघतं याचा काकांना पत्ताच नव्हता. माणसाला आपलं घोरणं कुठे ऐकू येतं!

काकूंना मात्र त्या शब्दाची गरज असायची. त्यांची नजर वर्षावर्षाने विझत गेली आणि आता फक्त उजेड आहे की अंधार एवढंच कळतं. घर पाठ आहे त्यांना. अडचण दाराबाहेर सुरू होते. दाराला तीन पायऱ्या, प्रत्येकीची उंची वेगळी. बांधणाऱ्या गवंड्याला बहुधा दिसत नसावं. खाली अंगण, अंगणाच्या टोकाला नळ. रोज सकाळी काकू दारात उभ्या राहायच्या आणि काका मागून बोलायचे, “पायरी. पायरी. पायरी. झालं.” आणि त्या ‘झालं’वर काकू ताड ताड नळाकडे निघायच्या, हात न पसरता, डोळस बाईसारख्या.

“अहो, मी आंधळी आहे, मालगाडी नाही,” त्या म्हणायच्या.

“मालगाडी निघताना शिटी तरी देते. तू न सांगता सुटतेस.”

हे रोजचं होतं. मी भिंतीपलीकडे दात घासत ऐकायचे आणि लगेच आरशासमोर दोघांचंही करून बघायचे.

मग काकांचा घसा बसला. आधी सगळे म्हणाले गार पाण्याचा परिणाम. माझी तर चंगळच झाली, कारण घोगऱ्या आवाजाची नक्कल जास्त सोपी. पण तो बसलेला घसा उठेना. मोठ्या दवाखान्यात नेलं. तिथला डॉक्टर हवामानाचा अंदाज वाचून दाखवावा तसा बोलायचा: “गाठ आहे. पसरली नाही. काढावी लागेल. आवाजाची पेटीही निघेल. जीव वाचेल.” शेवटचं वाक्य त्याने ऊन पडेल अशा सुरात म्हटलं. माझी आई सोबत गेली होती. तिने घरी येऊन सांगितलं तेव्हा मी पहिल्यांदाच कोणाची नक्कल करू शकले नाही.

काकांनी काकूंना सांगितलं ते भिंतीतून आमच्याकडे ऐकू आलं. आमच्या भिंती तशा पातळच.

“घशाची साफसफाई करायची आहे म्हणतात.”

“साफसफाईत काय काय टाकून देणार?”

काका दोनदा खाकरले. मग काकांचा घोगरा आवाज. “आवाज.”

“सगळा?”

“सगळा.”

भांडं ठेवल्याचा आवाज आला. मग काकू म्हणाल्या, “मग तुम्ही घरात आहात हे मला कळणार कसं?”

“काठी आपटेन.”

“काठी काय, कोणीही आपटतं.”

दुसऱ्या दिवशी काका आमच्या दारात उभे. हातात स्मार्टफोन. दूर गावी असलेल्या मुलाने पाठवलेला, अजून कागदाच्या खोक्यातच होता. “टेप,” ते म्हणाले, “यात आवाज साठवता येतो म्हणतात. मला शिकव.”

त्यांचा विचार साधा होता. काकूंना दिवसभर जे जे सांगावं लागतं ते बोलून ठेवायचं. ‘मी आहे.’ ‘पायरी.’ ‘चहा ठेवलाय, उजवीकडे.’ ‘दारात कोणी आलंय.’ ‘औषध घे.’ ऑपरेशननंतर गरजेप्रमाणे बोट लावायचं की फोन काकांच्या आवाजात बोलणार. मला तर उड्या माराव्याशा वाटल्या. म्हातारा हुशार!

शिकवणी आमच्याच खोलीत झाली. मी फोन त्यांच्या हातात दिला तर त्यांनी तो कानाला लावला आणि गल्ली हादरेल असे ओरडले, “हॅलो! फाटकावरून बोलतोय!”

“काका, पलीकडे कोणी नाही!”

“मग बोलायचं कोणाशी?”

“फोनशीच. तोंडासमोर धरा. एवढा जवळ नको, खाताय की काय त्याला? एक वीत लांब, आणि थोडा तिरका.” कारण समोर धरून ते ‘पायरी’ म्हणाले की ‘प’ची वाफ माइकवर आदळायची आणि ऐकू यायचं ‘फ्हायरी’. खाली बारीक भोकं असतात तो माइक, त्यावर अंगठा ठेवायचा नाही. पंखा बंद, नाहीतर सगळ्या वाक्यांमागे वादळ वाहतं. फोन लाकडी टेबलावर ठेवायचा नाही, कोणी पेला ठेवला तरी बॉम्ब पडल्यासारखं येतं, म्हणून घडी घातलेला टॉवेल खाली. मधेच कोणाचा फोन येऊ नये म्हणून विमानाचं चित्र दाबायचं.

“मी विमानात बसणार आहे?”

“नाही हो काका. फोनला वाटतं तो विमानात आहे, म्हणून गप्प बसतो.”

“माझ्यासारखा,” काका म्हणाले. मी हसले. ते हसले नाहीत.

पहिला नमुना मीच घेतला. फोन माझ्याच हातात होता, बटण मीच दाबलं आणि मान हलवून खूण केली. काका आखडून बोलले, “हॅलो. फाटकावरून बोलतोय. गाडी येऊ द्या. झालं.” मी तो त्यांना ऐकवला तर त्यांचं तोंड कडू झालं. “हा कोण घोगरा? पूस आधी ते.” मी पुसलं. “नीट पुसलंस ना? कुठे उरायला नको.” मी फोनच्या कचऱ्याच्या टोपलीतूनही काढून टाकलं.

मग त्यांना समजावलं. “हे बघा, हे पांढरं बटण. दाबलं की लाल होतं. पुन्हा दाबलं की ही हिरवी खूण येते. हिरवं आलं म्हणजे झालं.”

“हिरवं आलं म्हणजे झालं,” काकांनी पाठ केलं. “एवढंच ना? यात काय, उभा जन्म तेच केलं.”

मला वाटलं, काय पटकन शिकले!

बोलायच्या वेळी त्यांना खोलीत कोणी नको होतं. बायकोला रोज जे सांगतो ते गावासमोर काय सांगायचं, असं त्यांचं म्हणणं. त्यांच्या घरी जाऊन मी त्यांना कपाट उघडून दिलं, काकूंच्या कपड्यांमध्ये टॉवेल ठेवून त्यावर फोन, म्हणजे आवाज घुमत नाही. काका कपाटात डोकं घालून उभे राहिले, आतल्या चोराशी बोलत असल्यासारखे. दार लावून मी बाहेर आले आणि काकूंशेजारी पायरीवर बसले.

आतून ऐकू येत होतं. आधी शांत. मग दबका आवाज, “मी आहे.” पुन्हा शांत. “पायरी.”

“तीन पायऱ्या आहेत, एकदाच म्हणाले. कंजूष,” काकू म्हणाल्या.

“काकू, तेच तीनदा वाजवायचं.”

“बरं बाई.”

“चहा ठेवलाय, उजवीकडे.” काकूंनी उजवा हात मांडीवरून जरा पुढे केला आणि मागे घेतला. प्रत्येक वाक्याला त्या मान हलवत होत्या, दुकानदाराने सामान मोजून दिल्यासारखं ताब्यात घेत. सगळं झाल्यावर काका बाहेर आले, घाम फुटला होता. मला क्रमाने वाक्यं सांगितली, मी प्रत्येकाला नाव दिलं. ओळीने उभी होती सगळी, प्रत्येकापुढे काही सेकंद लिहिलेले.

“एक ऐकून बघू?”

“अजिबात नाही. ते तिचं आहे.”

काका ऑपरेशनहून परत आले तेव्हा गळ्यात एक भोक होतं आणि त्यावर पातळ जाळीचं फडकं. श्वास आता तिथूनच ये-जा करत होता, ‘फुस्स’ असा, सायकलच्या झडपेसारखा. तोंड पूर्वीसारखं हलायचं, पण त्यातून काही निघायचं नाही. काकू दाराशी आल्या आणि हवेत हात धरून थांबल्या. “कोण?” त्यांनी विचारलं. “कोण आलंय? अहो, तुम्ही का?”

काकांनी घाईघाईने खिशातून फोन काढला, चष्मा लावला, ‘मी आहे’वर बोट ठेवलं.

फोन बोलला नाही.

त्यांनी पुन्हा दाबलं. आवाज वाढवला. नुसती खरखर, लांबवर भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक, आणि बंद. त्यांनी दुसरं दाबलं, तिसरं दाबलं. शेवटी काकूंचा हात धरून त्यांनी स्वतःच्या गालावर ठेवला. काकूंनी चाचपलं, बोटं गळ्यापर्यंत गेली आणि जाळीला लागून दचकून मागे आली.

काकांनी भिंत ठोकली. मी धावत गेले, फोन घेतला, कानाला लावून एकेक ऐकलं. सगळ्यांत तेच. शांतता, घड्याळ, मग अगदी शेवटी नाकातून आत घेतलेला एक श्वास, ‘स्सूं’, माणूस आता बोलणार असा. आणि तिथे कट.

“काका, तुम्ही बटण कधी दाबलंत?”

त्यांनी पांढऱ्या बटणावर बोट ठेवलं. ते लाल झालं. काकांनी तळहात उभा करून माझ्यापुढे धरला: थांब. ओठ मिटले. लाल होतं तोवर तसेच उभे. मग पुन्हा दाबलं, हिरवी खूण आली, आणि काकांचा हात बाजूला झेंड्यासारखा हलला: आता जाऊ द्या. तोंड उघडलं आणि हललं. मी आहे.

लाल असताना जन्मात कधी त्यांनी काही पुढे जाऊ दिलं नव्हतं. हिरवं आलं म्हणजे झालं, असं मीच शिकवलं होतं. माझ्या भाषेत. त्यांनी ते त्यांच्या भाषेत ऐकलं.

मी टोपलीतही शोधलं. तो ‘हॅलो, फाटकावरून’ तिथूनही गेला होता.

“काय झालंय?” काकू विचारत होत्या. “बोला ना कोणीतरी.”

मी सांगितलं. काकूंनी सगळं ऐकून घेतलं. “म्हणजे त्या दिवशी मी बाहेर बसून ऐकलं ना,” त्या म्हणाल्या, “तेवढंच.”

काकांनी माझ्याकडे बघितलं. मग दोन बोटांनी माझ्या गळ्यावर टिचकी मारली. मला कळलं ते. नको वाटलं, पण त्यांनी हात जोडले, आणि म्हाताऱ्या माणसाने हात जोडले की कुठे बघायचं तेच कळत नाही.

त्यांच्याच कपाटात डोकं घालून मी त्यांचा आवाज काढला. खरं सांगते, इतका हुबेहूब मला कधी जमला नव्हता. घोगरा नाही, आधीचा, फाटकावरचा. ‘मी आहे.’ ‘पायरी.’ ‘औषध घे.’ काका बाहेर कान देऊन उभे होते. मी बाहेर आले तर ते भिंतीकडे तोंड करून होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकू दारात उभ्या राहिल्या, मागे काका फोन घेऊन. मी अंगणात, खाली. काकांनी बोट लावलं.

“पायरी,” फोन म्हणाला.

काकूंनी पाय उचललाच नाही.

“पायरी,” पुन्हा.

“हे कोण?” काकू म्हणाल्या.

“काकाच, काकू. फोनमधून,” मी म्हटलं.

“आवाज त्यांचा आहे. बोलतेयस तू.” त्या रागावल्या नव्हत्या. “फार छान काढतेस गं. पण ते पायरी म्हणायच्या आधी श्वास घेतात. जरा वाकतात ना माझ्या पायाकडे बघायला, तेव्हा. मी त्या श्वासालाच पाय उचलते. शब्द येईपर्यंत पाय अर्धा खाली गेलेला असतो.”

एवढी वर्षं मी त्या माणसाची नक्कल केली. तो श्वास मला एकदाही ऐकू आला नव्हता.

“पूस ते, पोरी,” काकू म्हणाल्या. “आणि अहो, ते आधीचं लावा. तुमचं.”

काकांनी माझ्याकडे बघितलं, मी मान हलवली. त्यांनी पहिली ‘पायरी’ शोधली, रिकामी. शांतता. घड्याळ. आम्ही तिघेही थांबलो. मग ‘स्सूं’.

काकूंचा पाय उचलला गेला. खाली टेकला, बरोबर मधोमध.

पुन्हा लावलं. शांतता, घड्याळ, श्वास, पाय. तिसऱ्यांदा. आधी काकू तीन पायऱ्या दोन घोट चहाएवढ्या वेळात उतरायच्या. आता प्रत्येक पायरीसाठी काकांची ती लाल दिव्यातली सगळी वाट बघणं पुन्हा ऐकून घ्यावं लागत होतं. मागे काकांच्या गळ्यातला खरा श्वास ‘फुस्स, फुस्स’ चालला होता. तो काकूंच्या काहीच उपयोगाचा नव्हता. तो ओळखीचा नव्हता.

अंगणात उतरल्यावर काकू थांबल्या. नळ समोरच होता. पण त्यांचा उजवा पाय पुढे सरकला आणि जमीन चाचपू लागला, अजून एक पायरी असावी तसा. पाय मागे आला. पुन्हा पुढे. त्या मान तिरकी करून उभ्या होत्या.

वर काका फोनवर बोट फिरवत होते. ओळीत सगळं होतं, चहा, औषध, दार. ‘झालं’ नव्हतं. ते त्यांनी भरायच्या यादीत कधी धरलंच नव्हतं. आपण ते म्हणतो हेच त्यांना माहीत नव्हतं. काकू कशासाठी थांबल्यात ते त्यांना कळेना, ते नुसते त्यांच्या पाठीकडे बघत होते.

मला कळलं होतं. शब्द माझ्या जिभेवर आला होता, ‘झा’ अर्धा गिळलेला, ‘लं’वर ठोका, सगळ्या गल्लीने टाळ्या दिलेला. मी तोंड मिटून ठेवलं.

काकू बराच वेळ तशाच उभ्या होत्या. मग त्यांनी हात पुढे पसरले, तसं मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं, आणि स्वतःशीच, स्वतःच्याच पातळ आवाजात, नक्कल अजिबात न साधता म्हणाल्या,

“झालं.”

आणि चाचपत नळाकडे निघाल्या.